मक्वलाबाईंचा स्वतःचा आवाज

१६ नोव्हेंबर २०२२, बुधवार, सकाळी दहा वाजून चाळीस मिनिटे. माळनाक्यावरच्या आमच्या श्रवणतपासणी केंद्रात त्र्याहत्तर वर्षांच्या एक गोऱ्यापान बाई आल्या, ध्वनिरोधक खोलीत जाऊन बसल्या, आणि विशीतल्या निरोगी मुलीलाही जमणार नाही इतके उत्तम ऐकून त्यांनी मला गोंधळात टाकले. ही तपासणी सोपी असते. ज्याचे कान तपासायचे तो काचेपलीकडे हेडफोन लावून बसतो. मी बाहेरून यंत्राचे बटण दाबून वेगवेगळ्या पट्टीतले स्वर सोडते आणि ते कमी कमी करीत नेते. ऐकू आला की त्याने बोट वर करायचे. बाईंचे बोट प्रत्येक वेळी वर आले. तेही घाईने नव्हे, डौलाने, मैफलीत एखादी जागा आवडावी तसे.

या वयात असे कान असणे शक्य नाही. शक्य नसलेली गोष्ट समोर आली की आधी यंत्रावर संशय घ्यावा, असे मला शिकवले आहे. म्हणून बाईंना बाहेर बसवून मी आमच्या स्वागतकक्षातल्या सुलभाताईंना आत पाठवले. सुलभाताईंचे कान मी इतक्या वेळा तपासले आहेत की त्यांचा आलेख मला पाठ आहे. तो जसाच्या तसा आला. यंत्र निर्दोष होते. मग एकच शक्यता उरली. बाईंना पुन्हा आत बसवून मी बटणाकडे बोट नेले आणि ते दाबलेच नाही. त्यांचे बोट वर आले. मी पुन्हा तसेच केले. पुन्हा वर आले, आणि या खेपेला सोबत मंद स्मितही.

"काकू," मी दार उघडून म्हटले, "मी आत्ता आवाज सोडलाच नव्हता."

"नव्हता?" त्यांनी हेडफोन काढला. "मग तुझी डावी भुवई कशाला उडाली गो?"

मक्वला जोगळेकर यांची आणि माझी ओळख अशी झाली.

"आणि काकू म्हणू नको," त्या पुढे म्हणाल्या. "मक्वला म्हण. मकावाला नव्हे. सगळी रत्नागिरी मकावाला म्हणते. मी काय कणसं भाजते?"

त्र्याहत्तर वर्षांच्या बाईंना नुसत्या नावाने हाक मारणे मला जमेना, म्हणून आम्ही 'मक्वलाबाई'वर तडजोड केली. दुसऱ्या तपासणीला मी त्यांची खुर्ची भिंतीकडे वळवली. आता बोट बराच वेळ मांडीवरच राहू लागले. खालच्या पट्टीतले स्वर त्यांना चांगले ऐकू येत होते. वरच्या पट्टीत आलेख कुंभार्ली घाटासारखा उतरत गेला. चार हजार हर्ट्झचा स्वर सत्तर डेसिबलपर्यंत वाढवला तेव्हा कुठे ऐकू आला. मी तो कागद त्यांच्यापुढे ठेवला आणि समजावून सांगितले, की स, श, च, ज या वर्णांची ओळख याच पट्टीत पटते, ती त्यांना जवळजवळ पटत नाही, आणि त्या ऐकत नाहीत, ओठ वाचतात.

"वाचते," त्यांनी शांतपणे मान्य केले. "समोरच्या बिल्डिंगमधलं जोडपं काय भांडतं ते मला गॅलरीतून कळतं. फार कंटाळवाणं भांडतात. रोज तेच संवाद." मग पर्समधून चष्मा काढून त्या सरळ बसल्या. "बरं, आता ऐकू उत्तम येतं असं प्रमाणपत्र दे."

"खोटं प्रमाणपत्र मला देता येणार नाही."

"खोटं कुठे? तू स्वतः बघितलंस. पहिल्या वेळेला शंभरपैकी शंभर."

मी नकार कायम ठेवला, तेव्हा त्या रागावल्या. आणि त्यांच्या मराठीचे सर्वांत मोठे वैशिष्ट्य मला त्याच दिवशी ऐकायला मिळाले. त्यांच्या मातृभाषेत तो, ती, ते असा भेदच नाही. माणूस, बाई आणि टेबल यांना मिळून एकच सर्वनाम. पंचेचाळीस वर्षांत त्यांनी मराठीतली लिंगे पुष्कळ सांभाळली होती, पण राग आला की ती हातून सुटत आणि सगळे जग नपुंसकलिंगी होई. "ते गिओर्गी मला आजी म्हणतं," त्या टेबलावर बोट आपटीत म्हणाल्या, "आणि हे मुलगी मला बहिरी म्हणतं."

गिओर्गी म्हणजे कोण, हे विचारल्यावर सगळा उलगडा झाला. मक्वलाबाई मूळच्या जॉर्जियाच्या. अमेरिकेतल्या नव्हे, काळ्या समुद्राकाठच्या. तो देश सोव्हिएत संघात होता त्या काळात त्या तिथे चित्रपटांत काम करीत. गिओर्गी हा त्बिलिसी या राजधानीतल्या एका लहानशा चित्रसंग्रहालयातला तरुण. त्यांच्या एका जुन्या चित्रपटाची रिळे त्याला सापडली होती. शेवटच्या रिळावरचे चित्र शाबूत होते, आवाज मात्र ओल लागून नासला होता. त्याने रत्नागिरीला फोन करून विचारले, की त्या रिळातले तुमचे संवाद तुम्हीच पुन्हा बोलाल का? फोनवर ओठ दिसत नाहीत. बाईंनी चार प्रश्नांची पाच उत्तरे दिली. तेव्हा त्या मुलाने अदबीने विचारले, "आजी, तुम्हाला नीट ऐकू येतं ना?"

"त्याला कागद दाखवायचाय," मक्वलाबाई म्हणाल्या. "नाहीतर ते दुसरं कुणीतरी शोधेल. पहिल्यापासून दुसरंच कुणीतरी होतं. आता पहिल्यांदा जागा रिकामी झालीय गो. एसटीच्या खिडकीतून रुमाल टाकतात तसा मी टाकलाय."

हे 'दुसरे कुणीतरी' समजल्याशिवाय मक्वलाबाई समजणार नाहीत. त्यांची कारकीर्द चार चित्रपटांची. चारही चित्रपटांत त्या नायिका होत्या आणि चारही चित्रपटांत त्यांच्या तोंडी त्यांचा आवाज नव्हता. तेव्हा तिकडे चित्रीकरण मुक्यानेच होई. संवाद नंतर स्टुडिओत, पडद्यावरच्या ओठांकडे पाहत भरले जात. मक्वलाबाई गुरिया नावाच्या पश्चिमेकडच्या प्रांतातल्या. दिग्दर्शकाने त्यांना एका लग्नात नाचताना पाहिले, राजधानीत आणले, कॅमेऱ्यापुढे उभे केले आणि निकाल दिला: चेहरा पडद्याचा, बोली शेतावरची. त्यांचे संवाद शहरातली एक शुद्ध बोलणारी अभिनेत्री म्हणू लागली.

"गुरिया म्हणजे आमचं कोकण," त्या म्हणत. यातले 'आमचं' कोणत्या बाजूचे, ते मला कधीच ठरवता आले नाही. "उतार, ओल, जवळ समुद्र. तुमच्याकडे काजू, तिकडे चहा. आणि माणसं भराभरा बोलणारी, तिरकं बोलणारी. राजधानीतल्या माणसाला वाटतं, भांडतायत. भांडत नसतात. जेवून जा म्हणत असतात."

दिग्दर्शकाचे एक वाक्य त्या त्याच्याच आवाजात म्हणून दाखवीत: "ओठ हलव, शब्दांचं मी बघतो." शब्द कोणतेही चालत. "पहिल्या सिनेमात मी हीरोच्या मांडीवर मरते," त्यांनी मला सांगितले. "मरताना मी पाढे म्हटलेत. सातापर्यंत पोचले आणि प्राण सोडला. लोक रडले." चौथ्या चित्रपटाच्या पहिल्या खेळाला मात्र शेवटचे रीळ लागण्याआधीच त्या उठून बाहेर पडल्या. "माझ्या तोंडातून ती बाई इतकं शुद्ध बोलत होती, की मला माझीच भीती वाटली."

त्याच सुमारास रत्नागिरीचे माधव जोगळेकर धरणबांधणीचे शिक्षण घेण्यासाठी त्बिलिसीत होते. पावाच्या रांगेत मक्वलाबाई एका म्हाताऱ्याशी वाद घालीत होत्या आणि हे मागे उभे राहून ऐकत होते. माधवरावांनी त्यांचा एकही चित्रपट पाहिलेला नव्हता. "बाकी सगळ्यांनी मला आधी बघितलं," त्या म्हणत. "माधवने आधी ऐकलं. म्हणाला, यातलं अर्धं कळलं नाही, पण तुमचं बरोबर आहे." जोगळेकर या आडनावातला 'ळ' पुढे कित्येक वर्षे त्यांना आला नाही. नवऱ्याचे आडनाव 'जोगलेकर' आणि केळे म्हणजे 'केलं'. "मी केलं खाल्लं," असे त्या म्हणत आणि ऐकणारा, काय केलं, म्हणून वाट पाहत राही.

लग्न इकडच्या पद्धतीने पुन्हा लागले तेव्हाचा प्रसंग जोगळेकरांच्या घरात अजून सांगतात. नव्या सुनेचे नाव बदलायचे म्हणून तांदूळ पसरलेले ताट पुढे आले. सासूबाईंनी 'माधुरी' ठरवले होते. माधवरावांनी अंगठी हातात घेतली, तोच मक्वलाबाईंनी त्यांचे बोट धरले आणि तांदळावर आपल्या लिपीत आपलेच नाव लिहिले. ती अक्षरे गोल, वळणावळणांची.

"हे काय गो लिहिलंन?" सासूबाई म्हणाल्या. "जिलब्या पाडल्यान."

माधवरावांनी दुभाष्याचे काम केले. सुनेचे म्हणणे असे होते, की आवाज एकदा दिला, नाव देणार नाही. या नावाचा अर्थ तरी काय, असे सासूबाईंनी विचारले. तिकडे डोंगरात काटेरी जाळीला लागणारे एक काळे, आंबटगोड फळ असते, ते, असे माधवरावांनी सांगितले. सासूबाई क्षणभर थांबल्या. "म्हणजे करवंद," त्या म्हणाल्या. "मग असू दे. घरचंच निघालं."

माधवरावांची नोकरी कोयना प्रकल्पावर, म्हणून संसार अलोऱ्याच्या कॉलनीत मांडला गेला. कॉलनीत गणपतीला नाटक होई. सिनेमातली खरी नटी राहायला आली म्हटल्यावर तिला घ्यायलाच हवे. पण तिला मराठी कुठे येत होते? मंडळाने विचारपूर्वक तिला मुक्या मुलीची भूमिका दिली. तालमींत मक्वलाबाईंनी चकार शब्द काढला नाही. प्रयोगाच्या दिवशी, तिसऱ्या अंकात, खलनायक तिचा हात धरून म्हणतो, "बोल, बोलत का नाहीस?" मक्वलाबाईंनी त्याच्याकडे पाहिले, प्रेक्षकांकडे पाहिले, आणि भाजीवालीकडून शिकलेल्या मराठीत स्वच्छ सांगितले, "मला येतो बोलायला. ह्यांनी संवाद नाही दिला." नाटक तिथेच संपले, कारण पुढे कुणी ऐकूनच घेईना. दुसऱ्या वर्षापासून त्यांना संवाद मिळू लागले.

अशा बाईला श्रवणयंत्र घ्यायला लावणे हे माझ्या आजवरच्या कामातले सर्वांत अवघड काम होते. मी आलेख दाखवला, तुलना दाखवल्या, यंत्र किती लहान असते ते तळहातावर ठेवून दाखवले.

"कानात झुरळ घालून घेणार नाही," त्या म्हणाल्या.

मी यंत्राचे कार्य मुद्द्यांसह समजावून सांगू लागले. त्या माझ्या तोंडाकडे टक लावून पाहत होत्या. माझे झाल्यावर म्हणाल्या, "तू नाटे गावची ना? बापाची बोट आहे ना तुझ्या?"

"हो."

"मग तुझं बोलणं डब केल्यासारखं का वाटतं?"

मुंबईत शिकताना माझा नाटे बंदरचा हेल मी प्रयत्नपूर्वक काढून टाकला होता. मुलाखतींत तो आड येतो, असा माझा अनुभव होता आणि परदेशातल्या संशोधनासाठी मी अर्ज करीत होते. यातले मी त्यांना काही सांगितले नाही. "विषय तुमच्या कानांचा चालला आहे," एवढेच म्हटले. त्या हसल्या आणि प्रमाणपत्राशिवाय निघून गेल्या.

पंधरा दिवसांनी परत आल्या त्या गिओर्गीचे उत्तर घेऊन. त्यांनी स्वयंपाकघरात बसून मोबाइलवर नमुन्याचे चार संवाद मुद्रित करून परस्पर पाठवले होते. त्याने लिहिले होते, की शब्द सगळे बरोबर आहेत, परंतु त्स, च, स, श हे सगळे एकमेकांत मिसळले आहेत. शिवाय पाठीमागे कसलीशी तीन वेळा शिट्टी वाजते, ती काय आहे? तेवढे सुधारता आले तर ठीक. नाहीतर ते रीळ मुकेच ठेवून खाली अक्षरे देण्याचा संग्रहालयाचा विचार आहे.

"शिट्टी कुकरची," त्या म्हणाल्या. "बाकीचं काय ते तू सांग."

कारण उघड होते. माणूस आपले उच्चार आपल्याच कानांनी दुरुस्त करीत असतो. जे वर्ण दहा वर्षे ऐकू आले नाहीत, ते जिभेवरही बोथट होत जातात. आणि जॉर्जियन भाषा तर अशा वर्णांनी खच्चून भरलेली. हे त्यांना पटावे म्हणून मी मराठीतलाच एक शब्द घेतला: जरा. जीभ दातांशी लावून म्हटला तर 'थोडे'. टाळूशी लावून म्हटला तर 'म्हातारपण'. लिहिताना फरक दिसत नाही. तोंडापुढे कागद धरून मी तो शब्द कधी असा, कधी तसा उच्चारत राहिले आणि कोणता ते त्यांनी सांगायचे. नुसत्या कानांनी त्यांची उत्तरे निम्मी बरोबर आली. नाणे उडवले असते तरी तेवढीच आली असती. मग मी यंत्रे त्यांच्या कानांत बसवली आणि तोच प्रयोग पुन्हा केला. त्यांची दोनच उत्तरे चुकली.

"दोन्हीला एकच अक्षर?" त्यांनी विचारले. "आमच्यात वेगळी दोन आहेत. तुम्ही लोक फार काटकसरी." मग त्या दोन्ही उच्चार स्वतःशी घोळवत बसल्या, एकदा दातांवर, एकदा टाळूवर. "मला टाळूवरची जरा आलीय," त्या अखेर म्हणाल्या. "पण दातांवरची जरा. आणि दात माझे स्वतःचे आहेत."

त्यांचा विनोद तेवढ्यावर थांबला, कारण बोलता बोलता त्यांना स्वतःचा आवाज ऐकू येऊ लागला होता. त्यांनी हात कानाशी नेला. पुन्हा काही शब्द बोलल्या, त्यांच्या भाषेत, अगदी हळू. सुलभाताई चहा घेऊन आल्या होत्या, त्या दारातच थबकल्या.

"ही कोण गो म्हातारी?" मक्वलाबाई म्हणाल्या.

मी त्यांना सांगू शकले असते की वयानुसार स्वररज्जू कोरडे पडतात, आवाज खरखरीत होतो.

"त्या शुद्ध बोलणाऱ्या बाईचा आवाज कसा होता ठाऊक आहे? काचेच्या पेल्यासारखा. आणि मी बावीस वर्षांच्या पोरीच्या तोंडात हे फुटकं खापर घालणार? लोक म्हणतील, हिला आधीच मुकी ठेवली होती तेच बरं होतं."

यंत्रे काढून त्यांनी टेबलावर ठेवली आणि चहा न घेता गेल्या. आठवडाभर त्यांचा फोन नव्हता. मी इकडे लोटे औद्योगिक वसाहतीतल्या कारखान्यांतून बसने येणाऱ्या कामगारांच्या वार्षिक तपासण्यांत बुडाले होते. त्यांच्यासाठीच तर ती ध्वनिरोधक खोली बांधलेली. आठव्या दिवशी सुलभाताईंनीच फोन लावला. त्यांचे बोलणे मी पलीकडच्या टेबलावरून ऐकले.

"बाई, तुमची मशीनं हकडे पडून आहेत. काय करू, फडताळात टाकू? ... म्हातारा तर म्हातारा, आवाज हाय ना? माझ्या सासूला तर तो पण नव्हता, नुसत्या खुणा करायची, तरी सगळं घर कापायचं. ... या रविवारी. मी पेज करून आणते."

रविवारी केंद्र बंद असते. रत्नागिरीत खरोखर शांत अशी खोली आमच्याकडेच, म्हणून मुद्रण तिथे करायचे ठरले. मायक्रोफोन माझा, आमच्या नाटे बंदरातल्या बोटींच्या इंजिनांचा खलाशांच्या कानांवर होणारा परिणाम मी मोजत होते, त्यासाठी घेतलेला. लॅपटॉप काचेबाहेर, मक्वलाबाई आत, त्यांच्या कानांत यंत्रे. पंखा आवाज करतो म्हणून बंद. सुलभाताईंना मी जिन्यात बसवले होते, वरच्या मजल्यावरच्या लोकांनी चपला वाजवू नयेत म्हणून. "हळू जावा हो, आत शूटिंग चाललंय," असे त्या प्रत्येकाला इतक्या मोठ्याने सांगत, की दोन संवाद आम्हाला पुन्हा घ्यावे लागले.

चित्रपट तोच चौथा, चहाच्या मळ्यातल्या एका मुलीचा. शहरातून आलेला कृषितज्ज्ञ तिच्या प्रेमात पडतो आणि शेवटच्या रिळात कायमचा परत जायला निघतो. काचेवर लॅपटॉपचा उजेड पडला होता; बावीस वर्षांची मक्वला पडद्यावर ओठ हलवीत होती आणि त्र्याहत्तर वर्षांच्या मक्वलाबाई ते शब्द भरीत होत्या. मला वाटले होते तसे विचित्र ते वाटले नाही. आवाज खरखरीत होता. पण त्या दोघींचा श्वास एकाच ठिकाणी पडत होता. एकामागून एक संवाद बसत गेले. उच्चार स्वच्छ होते. मी पडद्यावरचे ओठ आणि मुद्रित आवाज यांतले अंतर मोजून लिहून ठेवीत होते, आणि ते कुठेही खटकण्याइतके नव्हते.

शेवटचा संवाद मात्र बसेना. गिओर्गीने पाठवलेल्या पटकथेत तो असा होता: "जा. चहाचा मळा पावसाची वाट पाहतो, तशी मी तुझी पाहीन." मक्वलाबाईंनी तो हळू म्हटला, भरभर म्हटला, श्वास न घेता म्हटला. प्रत्येक वेळी पडद्यावरचे ओठ आधीच मिटून मोकळे. त्या घामाने निथळल्या होत्या. "मी नाही जमत," त्या म्हणाल्या. लिंगे सुटू लागली होती. "ते मुलगी माझं ऐकत नाही."

मी चित्र थांबवून तोंडाच्या हालचाली एकेक करून पाहिल्या. प, ब, म म्हणताना ओठ मिटावेच लागतात, कोणत्याही भाषेत. पटकथेतल्या वाक्यात ते जिथे मिटायला हवेत तिथे पडद्यावरची मुलगी तोंड उघडून होती. उलट शेवटी तिचे तोंड तीनदा मोठे उघडत होते आणि लिहिलेल्या वाक्यात तसे काहीच नव्हते. निष्कर्ष एकच निघत होता.

"मक्वलाबाई, हे वाक्य तुम्ही तेव्हा म्हटलेलंच नाही. तुम्ही दुसरंच काहीतरी बोलला आहात."

"काय?"

"ते मला येणार नाही. ओठ तुम्ही वाचता."

त्या बाहेर आल्या, लॅपटॉपपुढे बसल्या आणि चष्मा लावला. मी चित्र सावकाश फिरवले. समोरच्या बिल्डिंगमधल्या जोडप्याकडे पाहावे तसे त्यांनी त्या मुलीकडे पाहिले. एकदा, दोनदा, चारदा. मग त्यांचे खांदे हलू लागले. मला वाटले, रडतायत. त्या हसत होत्या.

"आकाना," त्या म्हणाल्या. "बघ, आ-का-ना. 'इथे' म्हणायला राजधानीत एक चिमुकला शब्द आहे. आकाना फक्त आम्ही गावचे म्हणतो. तुमचं हकडे, तसं."

"इथे काय?"

"छत्री." त्यांना बोलणे कठीण झाले होते. "दिग्दर्शक तिकडे वर, क्रेनवर. खाली नळाचा पाऊस सोडलेला. त्या हीरोच्या हातात छत्री आणि मी सकाळपासून भिजतेय. मी त्याला म्हटलं, 'जायचं तर जा, पण छत्री हकडे ठेव.'"

पडद्यावर तो नायक क्षणभर बावरतो, हातातली छत्री तिच्या हातात देतो आणि पावसात चालू लागतो. ती छत्रीखाली एकटी उभी राहते. चित्रपट संपतो. या छत्रीवर तिकडच्या जाणकारांनी पुष्कळ लिहिले होते, असे पुढे गिओर्गीकडून कळले: परत येण्याचे वचन, अधुऱ्या प्रेमाचे प्रतीक वगैरे.

मक्वलाबाई आत गेल्या आणि ते वाक्य गुरियाच्या बोलीत, भराभर, तिरके, एकदाच म्हणाल्या. ते बसले. मी अंतर मोजायला घेतले, तर मोजण्यासारखे काही राहिलेच नव्हते. जिन्यातून सुलभाताईंनी विचारले, "झालं काय हो? पेज निवली."

संग्रहालयात यावरून मोठा वाद झाला. ज्येष्ठांचे म्हणणे असे, की शोकान्त चित्रपटाच्या शेवटच्या वाक्याला लोक हसले तर सगळेच संपले. गिओर्गीचे म्हणणे, की ओठांवर जे आहे तेच खरे. शेवटी असे ठरले, की एक खेळ मक्वलाबाईंच्या आवाजात करून पाहायचा. प्रेक्षकांना रुचले नाही तर ते रीळ पुढे मुकेच दाखवायचे. त्या खेळासाठी मक्वलाबाई त्बिलिसीला निघाल्या. फ्लॅटची किल्ली सुलभाताईंकडे, झाडांना पाणी घालण्यासाठी. निघण्यापूर्वी केंद्रात येऊन त्यांनी यंत्रांच्या बॅटऱ्या मागून घेतल्या आणि एका महिन्याला पुरतील तेवढ्याच लागतील म्हणाल्या. पण खेळ झाल्यावर त्या परतल्या नाहीत, गुरियात बहिणीकडेच राहिल्या आहेत. परतीचे तिकीट रद्द केल्याचे सुलभाताईंना कळले ते असे, की "झाडं तूच घरी ने," असा निरोप आला.

खेळ झाला त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांचा व्हिडिओ कॉल आला. फोनवर ओठ दिसावेत म्हणून आता त्या साधा कॉल घेतच नाहीत. मागे एका स्वयंपाकघरात कुणीतरी भराभर बोलत होते; भांडत असावेत किंवा जेवून जा म्हणत असावेत.

"कसा झाला?" मी विचारले.

"हसले," त्या म्हणाल्या. "छत्री म्हटल्याबरोबर हसले. ते मला ऐकू आलं. मग तो चालायला लागतो, आणि ती मुलगी एकटी उभी असते ना, तिथे मला काहीच ऐकू आलं नाही. काहीच नाही. दिवे लागेपर्यंत." त्या थांबल्या. "हॉलमध्ये अंधार. कुणाचं तोंड दिसेना. ते गप्प झाले होते, का माझं मशीन बंद पडलं होतं? गिओर्गीला विचारलं तर तो गोड बोलणार. तू गोड बोलत नाहीस. त्याने मोबाइलवर घेतलंय सगळं, पाठवते. तू मोज."

"मोजतो," मी म्हटले, नाटे गावात बायकाही म्हणतात तसे, आणि तो गावचा हेल त्यांनी माझ्या ओठांवर बरोबर टिपला. त्यांची डावी भुवई उडाली.

मोबाइलच्या मुद्रणावरून आवाजाची खरी तीव्रता काढता येत नाही. कालावधी मात्र काढता येतो. त्यांचा आवाज मी त्यात प्रथम पूर्ण ऐकला: खरखरीत, घाईचा, गावचा. हशा मी सुरुवातीपासून शेवटच्या माणसापर्यंत धरला. त्यानंतरच्या भागात कुठे खाकरणे, खुर्चीची कुरकुर, कागदाचा आवाज आहे का ते आलेखावर दोनदा तपासले. नव्हता. मग त्यांना कळवले.

यंत्र चालू होते. हशा: सहा सेकंद. त्यापुढे दिवे लागेपर्यंत सभागृहातली शांतता: एकतीस.